मदत हवी आहे : लहान मुले, तरुण आणि आजीबाई एकाच वर्गात असताना शास्त्राचा पाठ कसा बांधावा?

नमस्कार. नवापूर तालुक्यातील आमच्या लहानशा ख्रिस्ती मंडळीत रविवारच्या उपासनेनंतर मी शास्त्राचा, म्हणजे बायबलचा, वर्ग घेते. खोली एकच, शिकवणारी मी एकटी आणि वेळ तासाभराचा. समोर मात्र नुकतीच शाळेत जाऊ लागलेली मुले, कॉलेजातील तरुण आणि अक्षरओळख नसलेल्या आजी असे सगळेच बसतात. घरात कोणी मावची बोलते, कोणी अहिराणी.

वयानुसार वेगळे वर्ग करावेत असे मला अनेकांनी सुचवले आहे, परंतु दुसरा शिक्षक नाही, आणि खरे सांगायचे तर सर्वांना कायमचे वेगळे बसवणे मला पटतही नाही. बायबलमधील अनुवाद नावाच्या पुस्तकाच्या 31व्या अध्यायात मोशे आज्ञा देतो की दर सातव्या वर्षी मांडवांच्या सणात पुरुष, स्त्रिया, मुलेबाळे आणि गावात राहणारे उपरे या सर्वांना जमवून नियमशास्त्र वाचून दाखवावे. नहेम्याच्या पुस्तकाच्या 8व्या अध्यायातही एज्रा शास्त्री स्त्रीपुरुषांच्या आणि ऐकून समजू शकणाऱ्या सर्वांच्या सभेपुढे वाचतो व लेवी, म्हणजे मंदिराचे सेवक, अर्थ समजावून सांगतात. तेव्हा एकत्र ऐकण्याला शास्त्राचाच आधार आहे. माझी अडचण अर्थ सांगण्याची वेळ येते तेव्हा सुरू होते.

मार्काच्या शुभवर्तमानाच्या 4थ्या अध्यायातील पेरणाऱ्याचा दाखला (येशूने सांगितलेली बोधकथा) घेतला, तेव्हा लहान मुलांनी विचारले की या माणसाने वाटेवर आणि काट्यांत बी टाकलेच कशाला. त्यांनी पाभरीने ज्वारी पेरताना आणि हाताने सरकी टोकताना पाहिली आहे, त्यामुळे त्यांची शंका अगदी रास्त होती. एका आजींनी मेथी कशी फोकून पेरतात ते हाताने करून दाखवले आणि मुलांना दाखला उमगला. तरुणांचे लक्ष मात्र 12व्या वचनावर होते : लोकांना दिसू नये, समजू नये, असे येशू का म्हणतो? ते शब्द यशयाच्या पुस्तकाच्या 6व्या अध्यायातले आहेत, त्यामुळे तो उघडल्याशिवाय याचे उत्तर देता येत नाही, आणि तो उघडला की लहानांचे लक्ष उडते. असा प्रश्न पुढे ढकलला तर तरुणांना वाटते की शास्त्राला अवघड प्रश्न विचारायचे नसतात, आणि ही समजूत मला सर्वांत घातक वाटते.

दुसरी शंका उत्पत्तीच्या 22व्या अध्यायाविषयी आहे. देव अब्राहामाची परीक्षा पाहण्यासाठी त्याच्या मुलाचे, इसहाकाचे, अर्पण मागतो आणि शेवटी त्याच्या जागी मेंढा देतो, ही गोष्ट कोणत्या वयाला सांगावी? मेंढ्याचा उल्लेख आधीच करून भीती काढून टाकावी, की लहानांना ती सांगूच नये?

तिसरी अडचण आमच्या भागाची आहे. दिवाळीनंतर कित्येक कुटुंबे ऊसतोडीसाठी गुजरातेत जातात आणि मुलेही सोबत जातात. शुभवर्तमान क्रमाने शिकवावे तर त्यांचे मधले अध्याय सुटतात. सुट्या गोष्टी सांगाव्यात तर अब्राहाम आधी की दावीद, हेच त्यांना कळत नाही. अनुभवी मंडळींनी कृपया मार्गदर्शन करावे.

प्रतिसाद (धुळे)

ताई, मी अनेक वर्षे संडे स्कूल घेतले आहे, त्यावरून लिहितो. लूकच्या 15व्या अध्यायापासून सुरुवात करून पाहावी. शंभरांतले हरवलेले मेंढरू लहान मुलांना लगेच भिडते. दहांतले एक नाणे शोधण्यासाठी दिवा लावून घर झाडणारी बाई आजींना ओळखीची वाटते. आणि दोन मुलांच्या दाखल्यात, घर सोडून गेलेला धाकटा परत आल्यावर रागावून घरात यायला तयार नसलेला थोरला भाऊ तरुणांना विचारात पाडतो. अध्याय सर्वांनी एकत्र ऐकावा, वाचून नव्हे तर तोंडी सांगितलेला, आणि प्रश्न तेवढे ज्याच्या त्याच्या वयाचे असावेत. मार्काच्या त्या 12व्या वचनासारखा प्रश्न आला की तो सर्वांसमक्ष मान्य करावा, फळ्यावर लिहावा आणि तरुणांना वर्गानंतर थांबवून त्याच दिवशी त्यावर बोलावे.

इसहाकाची गोष्ट मी लहानांना सांगत नाही. आई-वडिलांवर सर्वस्वी अवलंबून असलेल्या मुलाला त्यात आधी सुरी दिसते आणि देवाने दिलेला मेंढा फार उशिरा दिसतो. मोठ्यांना सांगतानाही उत्पत्तीच्या 12व्या अध्यायापासून देवाने अब्राहामाला दिलेली अभिवचने आणि अब्राहामाच्या शंभराव्या वर्षी झालेला इसहाकाचा जन्म आधी सांगितलेला असावा, नाहीतर परीक्षा कशाची होती हेच कळत नाही.

ऊसतोडीला जाणाऱ्या मुलांसाठी भिंतीवर क्रमाने चित्रे लावावीत : अब्राहाम, मोशे, दावीद, बाबेलचा बंदिवास, येशू, प्रेषित. कोणतीही गोष्ट सांगितली की तिची जागा मुलांनीच दाखवावी. असे केल्यास मधले रविवार चुकले तरी क्रम हरवत नाही. जाण्यापूर्वी 23वे स्तोत्र मात्र पाठ करून घ्यावे. सहाच वचने आहेत.

धागाकर्ती

दादा, मनःपूर्वक आभार. लूकचा अध्याय येत्या रविवारीच घेते, आणि इसहाकाविषयीचे आपले म्हणणे पटले. दोन गोष्टी अजून विचारायच्या आहेत. थोरला भाऊ शेवटी घरात गेला की नाही, हे दाखल्यात सांगितलेले नाही. तरुणांपुढे ते तसेच मोकळे ठेवावे, की पुढच्या रविवारी त्यावर काही सांगावे? आणि ऊसतोडीच्या तळावर मुलांना ऐकता यावे म्हणून मी आजींच्या आवाजात मावचीत गोष्टी मोबाइलवर रेकॉर्ड करणार आहे. दिवसभराच्या कामानंतर ऐकणाऱ्यांसाठी एक गोष्ट किती मिनिटांची असावी, हे कोणी स्वतः करून पाहिले असल्यास जरूर कळवावे.