माणूस गेला, गाणं मागून आलं : तुमचे अनुभव सांगा

मंडळी, २ नोव्हेंबर २०२३ ची संध्याकाळ. यावलजवळ शेतात भरीत पार्टी. कपाशीच्या काड्यांवर वांगी भाजत होती आणि मी मोबाईल कानाला लावून बसलेलो. साडेसातला बीटल्स या इंग्लिश बँडचं 'नाऊ अँड देन' आलं. बँडमधल्या जॉन लेननने घरी पियानोवर कॅसेटमध्ये टेप करून ठेवलेलं गाणं. तो १९८० मध्येच गेला. पियानोत बुडालेला त्याचा गळा आता संगणकाने वेगळा काढला. त्यातली बँडमधल्याच जॉर्ज हॅरिसनची गिटार १९९५ ची, तोही २००१ मध्ये गेलेला. शेजारच्या आजोबांना हे सांगितलं, तर म्हणाले, "मरेल मानूस कसा गाई ऱ्हायना रे?" (मेलेला माणूस कसा गातोय रे?)

मला उत्तर सुचलं नाही, म्हणून हा धागा. खानदेशी मंडळी आधी!

धुळे, ढाबेवाला : आमचा ढाबा मुंबई-आग्रा हायवेला, पंजाबी ड्रायव्हर रोजचेच. पंजाबी गायक सिद्धू मूसेवालाला २९ मे २०२२ ला गोळ्या घातल्या आणि २३ जूनला त्याचं 'एसवायएल' आलं, सतलज-यमुना कालव्यावरचं. काही दिवसांतच ते आपल्याकडे यूट्यूबवर दिसेनासं झालं. पण एकाच्या पेनड्राइव्हमध्ये होतं. केबिनमधून एवढा आवाज, की मी म्हटलं, "पाजी, कमी करा, गिऱ्हाईक जेवतंय." त्याने कमी नाही केला, बंदच केला. अर्धी शेवभाजी ताटात टाकून निघून गेला. पैसे मात्र पूर्ण ठेवले. अजून खातं मनाला.

जळगाव, तेव्हा हॉस्टेलवर : गायक केके ३१ मे २०२२ ला गेला आणि आठवडाभरात 'धूप पानी बहने दे' आलं. सिनेमासाठी गाऊन झालेलंच होतं, कोणी उकरून काढलं नव्हतं. तरी आमच्या खोलीत ते कोणी दुसऱ्यांदा लावलं नाही.

भुसावळ, डान्सवाला : माझी गंमत ऐका. मायकल जॅक्सन २००९ ला गेला, २०१० ला 'मायकल' अल्बम आला. मामाकडून मुंबईहून सीडी मागवली. त्यातल्या तीन गाण्यांत आवाज त्याचा नाहीच, असं त्याच्या घरचेच म्हणत होते. २०२२ मध्ये कंपनीने ती तिन्ही ऑनलाइनवरून काढून टाकली. आणि मी त्यातल्याच एकावर गणपतीत नाचून पहिलं बक्षीस घेतलेलं! मग मी नाचलो कोणाच्या गळ्यावर? मला तर फरक कळलाच नव्हता.

आसोदा : आमच्या गावची लेक बहिणाबाई ३ डिसेंबर १९५१ ला गेली, कविता छापून आल्या १९५२ ला. तिला लिहिता येत नव्हतं, घरच्यांनी उतरवून ठेवल्या म्हणून उरल्या. पण उरले ते शब्द. घरोट, म्हणजे जातं, ओढताना ती चाल कुठे लांबवायची, दम कुठे घ्यायची, ते गेलं. एखादी खरखरती टेप असती, तर मी दिवसभर ऐकत बसलो असतो.

भुसावळ, डान्सवाला : आणि आवाज भलत्याच बाईचा निघाला असता तर, भो?

आसोदा : आमच्या म्हाताऱ्यांनी पहिल्याच ओळीला ओळखलं असतं. आता तेही नाहीत.