शब्दचर्चा: 'गेब्राउख्सग्राफिकर'ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न: पोस्टरं करणाऱ्या लुत्सियान बेर्नहार्ट या जर्मन कलाकारावर एक लेख लिहिते आहे. जर्मन मजकुरात त्याचा पेशा 'गेब्राउख्सग्राफिकर' असा दिलाय. 'व्यावसायिक चित्रकार' लिहून पाहिलं, पण मराठीत त्याचा अर्थ चित्रं विकून घर चालवणारा कुणीही असा होतो. नेमका शब्द आहे का?

— 'जाहिरात-चित्रकार' म्हणा. वाचणाऱ्याला लगेच कळेल.

— कळेल, पण बेर्नहार्टला तो तोकडा पडतो. पोस्टरं तर त्याने केलीच, शिवाय बोधचिन्हं केली, छपाईचे टाइप घडवले. त्यातले काही आजही त्याच्याच नावाने ओळखले जातात. त्यामुळे आधी जर्मन शब्दाची फोड करू. 'गेब्राउख' म्हणजे वापर. जर्मन यंत्राच्या खोक्यात जे माहितीपत्रक निघतं त्यावर 'गेब्राउख्सआनवाइझुंग' लिहिलेलं असतं, म्हणजे वापरायच्या सूचना. शब्दाचा रोख कामी येण्यावर आहे, विक्रीवर नाही. या लोकांनी १९१९ साली आपली संघटना काढली तीही याच नावाने, आणि १९२४ला बर्लिनहून निघालेल्या त्यांच्या मासिकाचं नाव 'गेब्राउख्सग्राफिक'.

आपल्याकडे याला जोडीचा शब्द तयार आहे: उपयोजित. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत १९३५ साली विभाग सुरू झाला तो 'कमर्शियल आर्ट' नावाने. पुढे १९५८मध्ये वेगळी संस्था झाली ती मात्र 'अप्लाइड आर्ट'ची, मराठीत उपयोजित कला. म्हणून माझं मत 'उपयोजित चित्रकार'. जरा पुस्तकी वाटेल, पण अर्थाला चोख आहे.

— उपयोजितला माझंही मत. आता पुढची अडचण. बेर्नहार्टच्या शैलीला 'झाखप्लाकाट' म्हणतात. 'झाखं' म्हणजे वस्तू, 'प्लाकाट' म्हणजे पोस्टर. मी 'वस्तुचित्र' लिहिलं होतं.

— ते नको! एलिमेंटरीची परीक्षा दिलेल्या प्रत्येकाच्या डोळ्यांसमोर तांब्या, पेला आणि पेन्सिलीची छटा उभी राहील. इथे भानगड अगदी उलटी आहे. प्रीस्टर काड्यापेटीचं त्याचं पोस्टर पाहा, १९०६च्या सुमाराचं. तपकिरी पार्श्वभूमी, पिवळ्या गुलाच्या दोन लाल काड्या, वर निळ्या ठसठशीत अक्षरांत 'प्रीस्टर'. बस. असं सांगतात की आधी त्यात टेबल होतं, राखदाणी होती, सिगार होता, धुरातून नाचणाऱ्या बायकाही होत्या. एकेक करत त्याने सगळं पुसून टाकलं. दोन काड्या मांडून त्या हुबेहूब काढणं हा उद्देशच नव्हता. रस्त्याने जाणाऱ्याला एका नजरेत वस्तू आणि नाव कळलं पाहिजे, एवढंच.

— मग 'वस्तू-भित्तिपत्रक'?

— 'भित्तिपत्रक' म्हटलं की मला कॉलेजच्या जिन्याजवळचा, हस्ताक्षरातल्या कवितांचा फलक आठवतो. पोस्टर हा शब्द मराठीत केव्हाच रुळलाय. 'वस्तू-पोस्टर' लिहा आणि पहिल्यांदा येईल तिथे काड्यापेटीच्या पोस्टरचं वर्णन द्या, अर्थ आपोआप पोचेल.

— पटलं. 'उपयोजित चित्रकार' आणि 'वस्तू-पोस्टर' घेते. तो १९२३ साली न्यूयॉर्कला गेला, त्यानंतरच्या भागात मात्र 'ग्राफिक डिझायनर' ठेवते. तिथे 'गेब्राउख' हा शब्दच मागे सुटलेला असतो.