मदत हवी आहे: अभिनेत्री संध्या यांच्याबद्दल जुनं साहित्य

नमस्कार मंडळी, आमच्या कथक क्लासच्या वार्षिक कार्यक्रमात शांतारामबापूंच्या सिनेमातल्या संध्याबाईंवर एक छोटं सादरीकरण करायचंय आणि ते माझ्या गळ्यात पडलंय 😅 ढोबळ माहिती आहे, म्हणजे मूळच्या विजया देशमुख, १९५१ ला अमर भूपाळी, मग १९५५ ला झनक झनक पायल बाजे, त्यात गोपीकृष्णांसारख्या कसलेल्या नर्तकासमोर उभं राहायचं म्हणून त्यांच्याकडूनच कथक शिकल्या, हे मला तरी भारी वाटतं. मग दो आँखें बारह हाथ, नवरंग, आणि १९७२ चा पिंजरा. ऑक्टोबर २०२५ मध्ये त्या गेल्या तेव्हा सगळीकडे पिंजराच आठवला लोकांना, साहजिक आहे म्हणा.

पण मला नवरंगमधलं होळीचं गाणं घ्यायचंय, डोक्याच्या मागच्या बाजूला पुरुषाचा मुखवटा नि फेटा, समोरून बाई आणि पाठ फिरवली की गडी, आणि दोघांची चाल वेगळी! पाठीकडून पुरुषासारखे हात टाकायचे म्हणजे खांद्याची वाट लागते, करून बघा. तर असा मुखवटा घट्ट कसा बसवतात, गिरकी घेताना सरकू नये म्हणून? नाटकवाले कोणी असतील तर प्लीज सांगा. शिवाय त्यांची मराठीतली जुनी मुलाखत किंवा दिवाळी अंकातला लेख कोणाकडे असेल तर फोटो काढून टाकाल का? आणि पिंजरासाठी लावणीची तयारी त्यांनी कोणाकडे केली हे कुठे वाचलंय का कोणी?