मदत हवी आहे: मिझोगुचींचा '४७ रोनिन' आणि 'गिरी' हा शब्द

नमस्कार मंडळी. जपानी दिग्दर्शक केंजी मिझोगुचींचा १९४१-४२ मध्ये दोन भागांत आलेला '४७ रोनिन' (रोनिन म्हणजे धनी नसलेले सामुराई) हा चित्रपट परवा पाहिला, अजून डोक्यातून जात नाहीये. धन्याच्या मृत्यूचा सूड घ्यायला सामुराई निघतात, पण हल्ला पडद्यावर दिसतच नाही! धन्याच्या विधवेला पत्र वाचून दाखवलं जातं, त्यातूनच सगळं कळतं. तलवारबाजीपेक्षा हे जास्त आत लागलं.

आता बाबांना दाखवायचाय. इंग्रजी सबटायटल्स भराभर जातात, म्हणून शेजारी बसून मीच मराठीत सांगणार आहे. अडलंय ते 'गिरी' या जपानी शब्दावर; नात्याची, उपकारांची जाण ठेवून पाळायचं बंधन, असा काहीसा त्याचा अर्थ. 'कर्तव्य' कोरडं वाटतं, 'निष्ठा' पुरत नाही. 'मिठाला जागणं' चालेल का? जपानी येणाऱ्यांनी कृपया सांगा. नीट सबटायटल्सची प्रत कुठे मिळेल, तेही कळवा.