मदत हवी आहे : लिली दार्वाश यांच्याबद्दल दहा मिनिटं बोलायचं आहे

नमस्कार मंडळी,

पुढच्या शनिवारी आमच्या फिल्म सोसायटीत 'सेरेलेम' (म्हणजे 'प्रेम') हा १९७१चा हंगेरियन सिनेमा आहे. सुरुवातीला दहा मिनिटं बोलायचं काम माझ्याकडे आलंय. दिग्दर्शक कारोय माक यांच्यावर बोलणारे खूप आहेत. मला बोलायचंय ते त्यातल्या म्हाताऱ्या आईवर, म्हणजे लिली दार्वास यांच्यावर.

गोष्ट अशी. १९५३चं बुडापेस्ट. आई अंथरुणाला खिळलेली, मुलगा राजकीय कैदी. सून सासूला सांगते की तो अमेरिकेत सिनेमा काढतोय, आणि त्याच्या नावाने स्वतःच पत्रं लिहून तिला देते. बाई जवळजवळ सगळा वेळ पलंगावर आहेत. उशीवरचा चेहरा, हात आणि आवाज, एवढ्यावर त्यांनी हट्टी, लाडावलेली, सुनेवर हुकूम सोडणारी आणि तरी तिचीच वाट बघत बसणारी सासू उभी केली आहे. माझी आजी शेवटची दोन वर्षं खाटेवर होती. काका आजारी आहेत हे आम्ही तिला कळू दिलं नव्हतं. आम्ही काकांची खुशाली सांगायचो तेव्हा ती ज्या नजरेने बघायची, तीच नजर मला या सिनेमात दिसली. म्हणून हे बोलणं वरवरचं होऊ नये असं फार वाटतं.

जमवलेली माहिती : जन्म बुडापेस्ट, १९०२. १९२१मध्ये ज्युलिएट म्हणून रंगभूमीवर पहिलं पाऊल. पुढे ऑस्ट्रियन नाट्यदिग्दर्शक माक्स राइनहार्टच्या मंडळीत जर्मन रंगभूमी. १९३८मध्ये नाझींनी ऑस्ट्रिया गिळल्यावर देश सोडून अमेरिका. नाटककार फेरेन्त्स मोल्नार यांच्या पत्नी. (ही ओळख सगळीकडे आधी येते, ते मला खटकतं.) १९७४मध्ये न्यूयॉर्कला निधन.

आता अडलंय ते. पोस्टरवर दार्वास लिहू की दार्वाश? मुलाचं काम करणारे इव्हानही दार्वासच, ते त्यांचे कोण? एवढी मोठी नटी, मग सिनेमे इतके कमी का? आणि मूळ कथांचे लेखक तिबोर देरी स्वतः तुरुंगात होते हे आधी सांगितलं तर रसभंग होईल का?

प्रतिसाद :
दार्वाश. हंगेरियनमध्ये नुसता s म्हणजे 'श' आणि sz म्हणजे 'स'. बुडापेस्टलाही तिथे 'बुदॉपेश्त' म्हणतात. त्यांचा 'अ' ओठ गोल करून येतो, म्हणून खरा उच्चार 'दॉर्वॉश'च्या जवळ जातो, पण पोस्टरवर 'दार्वाश' पुरे. तिकडे आडनाव आधी लिहितात, त्यामुळे श्रेयनामावलीत 'दार्वाश लिली' दिसेल. इव्हान नात्यातले नाहीत, फक्त आडनाव एक. मात्र हंगेरीतल्या १९५६च्या सोव्हिएतविरोधी उठावानंतर ते स्वतः तुरुंगात होते. सुटून घरी येणाऱ्या माणसाचं काम त्यांनी केलंय, हे नक्की सांगा.

प्रतिसाद :
ताई, सिनेमे कमी कारण बाई मुळात नाटकाच्या. हंगेरियन, जर्मन, मग चाळिशीच्या आसपास इंग्रजी, अशा तीन भाषांत त्यांनी रंगभूमी केली. नटीचं भांडवल तिची वाणी, आणि ते दर वेळी पहिल्यापासून जमवायचं. न्यूयॉर्कला नट मॉरिस एव्हान्सच्या 'हॅम्लेट'मध्ये त्या गर्ट्रूड, म्हणजे हॅम्लेटची आई होत्या. हॉलीवूडने मात्र त्यांना छोटी कामं दिली, १९५६चा 'मीट मी इन लास व्हेगास', १९६०चा 'सिमरॉन' वगैरे.

एक गोष्ट जरूर शोधून बघा. 'द ट्वायलाइट झोन' या मालिकेचा १९६१चा 'लाँग डिस्टन्स कॉल' हा भाग. आजी नातवाला खेळण्यातला टेलिफोन देते आणि मेल्यावर त्यावरून त्याच्याशी बोलत राहते. आजी म्हणजे याच बाई. तिथे माया पार भीतिदायक होते. दहा वर्षांनी पुन्हा आजारी म्हातारी, पण या खेपेला फसवली जाणारी. दोन्ही लागोपाठ पाहिलेत तर बोलायला वेगळं काही शोधावं लागणार नाही.

प्रतिसाद :
देरींचं आधी सांगा, रसभंग होत नाही. सिनेमा त्यांच्या दोन कथांवर आहे. कैद्याच्या सुटकेची कथा त्यांनी १९५६मध्येच लिहिली होती. त्यांचा स्वतःचा तुरुंगवास त्यानंतर, १९५७ ते १९६०. सासू-सुनेची, म्हणजे दोन बायकांची कथा त्यांनी सुटून आल्यावर लिहिली. माक यांनी दोन्ही जोडल्या, आणि परवानगीसाठी त्यांना काही वर्षं थांबावं लागलं. शेवट तेवढा सांगू नका. फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात सिनेमाला ज्युरी पारितोषिक मिळालं, शिवाय लिली आणि सुनेचं काम करणाऱ्या मारी त्योरोचिक या दोघींचा खास उल्लेख झाला. सासूवर बोलताना सुनेला विसरू नका, ते काम दोघींचं मिळून आहे.

धागाकर्ती :
सगळ्यांचे मनापासून आभार. 'लाँग डिस्टन्स कॉल' काल रात्री पाहिला. टेलिफोन हातात देतानाचा तो आवाज ऐकला आणि अंगावर काटा आला. मोल्नारना एका वाक्यात उरकते. पोस्टरवर 'लिली दार्वाश' लिहिलंय.

एकच विचारते. पत्रं खोटी आहेत हे आईला कळलेलं असतं का? मी तीनदा पाहिला. पहिल्यांदा वाटलं नाही, तिसऱ्यांदा वाटलं पहिल्या पत्रापासून कळलेलं आहे, आणि सुनेला बरं वाटावं म्हणून ती ऐकून घेते आहे. तुम्हाला काय वाटतं?