आठ हजारांची आय क्रीम: आधी आरशात बघा

डोळ्यांखालच्या काळ्या वर्तुळांसाठी १५ मिलीची आठ हजारांची आय क्रीमची डबी घ्यावी का, मैत्रिणीला तर ती लावून आठवड्यात फरक दिसला, असा प्रश्न आलाय. मी तरी घेणार नाही. आधी खिडकीसमोर आरसा धरा आणि हनुवटी वर करा. काळेपणा जवळजवळ गेला, तर ती खळग्याची सावली. तिथे कुठलीच क्रीम चालत नाही. निळसर-जांभळं दिसत असेल तर पातळ त्वचेखालच्या शिरा. क्रीममधल्या कॅफिनने सूज थोडी उतरते, तीही काही तासच. तपकिरी असेल (आपल्याकडे हे भरपूर) तर नायसिनामाइडला (डाग फिके करणारा घटक) वाव आहे, पण सनस्क्रीन लावत नसाल तर पैसे पाण्यात.

मग खोक्यावरची घटकांची यादी वाचा. तिच्यात जास्त प्रमाणातले घटक आधी येतात. फिनॉक्सीइथेनॉल (क्रीम टिकवणारं रसायन) १ टक्क्याच्या वर घालता येत नाही. जाहिरातीतलं कॅव्हियार (माशाची अंडी) नि ऑर्किड त्याच्याही मागे असेल, तर ते नावापुरतंच समजा. सुरकुत्यांसाठी रेटिनॉल (अ जीवनसत्त्वाचा एक प्रकार) हवं असेल तर उघड्या तोंडाची डबी नको, हवा-उजेडाने ते खराब होतं. ट्यूब बघा. गरोदरपणात मात्र रेटिनॉल टाळाच.

मैत्रिणीला आठवड्यात फरक दिसला म्हणताय, तो बहुधा ग्लिसरीनचा. ओलाव्याने बारीक रेघा भरून येतात, आणि तेवढं साधं मॉइश्चरायझरही करतं.