मोज्यापेक्षा टी-शर्टची वेणी बरी

कुत्र्यासाठी घरच्या घरी खेळणं म्हणून जुन्या मोज्यात चेंडू घालून गाठ मारायची कल्पना सोपी आहे, पण मी तरी मोजा देणार नाही. मोजा म्हणजे खेळणं हे कुत्र्याला एकदा कळलं की घरातला एकही मोजा सुटत नाही, आणि गिळलेला आतड्यात अडकला तर ऑपरेशनपर्यंत पाळी येते. त्यापेक्षा सुती टी-शर्टच्या दोन-दोन इंची पट्ट्या कापा, घट्ट तिपेडी वेणी घाला, दोन्ही टोकांना करकचून गाठी मारा. आमच्या पिल्लाचे दात येत होते तेव्हा हीच वेणी ओली करून फ्रीजरमध्ये ठेवायचो. पुढच्या दोन पायांत धरून, डोळे मिटून चघळत बसायचं बिचारं! धागे सुटायला लागले की मात्र लगेच फेका. लांब धागा पोटात जाणं फार वाईट.